मंदु म्हणजे दारू

६ फेब्रुवारी ९५
सकाळी सकाळी दारात आमच्या खाणीवरची भाग्यलक्ष्मी! दगड फोडणारी बाई विद्यानगरला घरी कशाला? हे आंघोळीत. ती तेलुगूत भडाभडा बोलली. माझी तेलुगू बेगम बाजारात भाव करण्यापुरती. एवढं कळलं — भोकात मंदु राहिलंय, मुकादम ऐकत नाही, माणसं कामाला जाणार नाहीत. मंदु म्हणजे दारू. सरकारनं दारूबंदी केली, तर आता खाणीत लपवतात मेले! हाकललं तिला.

ह्यांना सांगितलं, "भोकात दारू राहिलीय म्हणे. कामाला नक्को म्हणतात. जुपा सगळ्यांना!"

हे डोकं पुसत होते. "हौ, बघतो." मग मुकादमाला फोन — "कामाला लाव. माल बंदरावर जायचाय."

७ फेब्रुवारी
यादगिरी गेला. भाग्यलक्ष्मीचा धाकटा भाऊ. न उडालेल्या सुरुंगावर पहार बसली. दवाखान्यात ती मला बघून एकच ओरडत होती — मंदु, मंदु! भाऊ मेला नि हिला दारूचं काय?

८ फेब्रुवारी
कामवाल्या सत्यवतीला विचारलं, मंदु म्हणजे काय गं?

"दवा भी, शराब भी, सुरंग की बारूद भी, अम्मा."

आपल्यातही दारू म्हणजे दोन्ही की! दारूगोळा! मला मेलीला तेवढंही सुचू नये?

१२ फेब्रुवारी
खाणीवर सगळे उठलेत. लॉऱ्या अडवल्या, मुकादमाला कोंडलं. मागतात काय — सुरुंग लावायच्या आधी भोंगा वाजवा, धुळीवर पाणी मारा, प्यायलाही द्या. खोकून खोकून बरगड्या दिसतात एकेकाच्या! हे म्हणतात, "जगभर माल चालला, नि ह्यांना आत्ताच चरबी चढली."

उद्या चौकशी. हे साहेबाला सांगणार, इशारा कुणी दिलाच नाही, ती बाई खोटारडी. तिला आत टाकणार म्हणे. ती सगळ्यांना सांगतेय, "अम्माला सांगितलं होतं." अम्मा म्हणजे मी.

१३ फेब्रुवारी
ह्यांच्या पुढ्यात बसून बोलले — निरोप मी चुकवला, पोरगा माझ्यामुळं गेला.

हे जेवतच होते. "काही चुकवला नाहीस. तू दारू म्हणालीस, ती सुरुंगाची हे मला कळलं होतं. बाहेर बोलू नको. भात वाढ."

वाढला नाही. चौकशीला निघालेय. तिनं मला सांगितलं, मी ह्यांना सांगितलं. आणि जुपा म्हणणारी मीच — तेही सांगणार.