पाळण्यातला वरवंटा

३ फेब्रुवारी
इंदूरला पोचले. नागपूरच्या घराला कुलूप लावताना गलबललं होतं, पण इथे उतरल्यावर मन कसं फुललं! रिक्षावाल्याने मुद्दाम राजवाड्यावरून आणलं, आणि पोह्यांवर सेव कमी पडली तर "आंटीजी, लड़ लेना" असा सल्लाही दिला. छत्रीबागेतलं उर्वीच्या सासरचं घर अरुंद, तीन मजली, पण भरपूर उजेडाचं. उर्वी माझ्या गेलेल्या बहिणीची लेक, मीच वाढवलेली. तेव्हा तिच्या बाळंतपणाला आईच्या जागी मीच. बाळ आठवड्याचंही नाही. मांडीवर घेतलं तर तव्यावरून नुकत्या उतरवलेल्या पोळीसारखं ऊन ऊन.

शाळेत सिस्टर बर्नाडेट सांगायच्या, मन हललं की आधी लिही, मग ऊठ. तेव्हापासून वही पर्समध्ये असतेच. आज मन आनंदाने हललं आहे.

५ फेब्रुवारी
विहीणबाई भानुमतीताई मोठ्या बोलक्या. मराठी सुरू करतात आणि वाक्य हिंदीत संपवतात. डिंकाच्या लाडवांसाठी पाट्यावर खसखस वाटायला बसले, तर वरवंटा हातात ऊबदार लागला. हिरवट काळा, शेवाळाखालच्या पाण्यासारखा. त्या हसून म्हणाल्या, तो साधा दगड नाही, मनगोटी आहे. होळकरांच्या फौजेतल्या कुणा पूर्वजाने नर्मदेकडून आणलेली. माणसाचं मन तिला कळतं. माया वाटली की तापते, भीती वाटली की पाझरते. उर्वीच्या नवऱ्याच्या, उन्मेषच्या, बारावीच्या निकालाला म्हणे ओट्यावर नुसतं पानी ही पानी. जावईबापू मान खाली घालून पोहे खात राहिले.

दुपारी एकटीने करून पाहिलं. बंडूला आठवलं. माझा धाकटा भाऊ, सदा माझ्या कडेवर असायचा. मी होस्टेलमध्ये असताना तापात गेला. वरवंटा इतका तापला की पदराने धरावा लागला. रडू आलं, पण किती दिवसांनी असं गोड रडू!

९ फेब्रुवारी
बारसं झालं. रीतीप्रमाणे वरवंट्याला बाळासारखीच कुंची घातली आणि 'कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या' म्हणत पाळण्याच्या खालून-वरून फिरवून पाळण्यात निजवला. आत्याने, म्हणजे उन्मेषच्या बहिणीने शमिकाने, बाळाच्या कानात 'ऋषभ' म्हटलं. पाठीत इतके धपाटे बसले की ती "बस करो ना यार" म्हणून ओरडली.

भानुमतीताईंनी आधीच बजावलं होतं: आपला वरवंटा लगेच बाहेर काढायचा, आणि त्याला नाव ठेवायचं नाही. का, तर सासूबाई सांगायच्या म्हणून. पण कुंचीत तो असा शहाण्यासारखा निजला होता! सगळ्याजणी घुगऱ्यांकडे वळल्या. मी वाकले, आणि कान असता तिथे तोंड नेऊन हळूच म्हटलं, बंडू.

म्हातारपणीचा वेडेपणा. कुणी पाहिलं नाही.

१२ फेब्रुवारी
वरवंटा थंड होत नाही. हात न लावताही नाही. वाटलेली चटणी गरम निघते. कुणाची एवढी माया उतू चाललीय, म्हणून भानुमतीताईंनी थट्टा केली. मीही हसले.

ऋषभ मात्र न्हाऊ घालताना गार लागला. शेक-शेगडी सगळं केलं, तरी गारच. डॉक्टर म्हणाले, सब बढ़िया, वजन छान वाढतंय. वजन वाढतंय खरं. उचलताना माझे हात भरून येतात.

१४ फेब्रुवारी
ऋषभ रडत नाही. पाठीवर हिरवट डाग. उर्वी म्हणते, जन्मखूण. नाही. रोज तेल मी लावते.

वरवंटा उचलून पाहिला. रिकाम्या तांब्याइतका हलका. बोटाने दाबला, तर — दबला.

भानुमतीताईंना सगळं सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला. नाव ठेवलेल्याला जीव हवा असतो ताई, म्हणाल्या, तो पाळण्यातल्या बाळाचाच घेणार. आता माया काढून घ्या.

बंडूवरची माया कशी काढून —

१५ फेब्रुवारी
त्याला म्हटलं, तू बंडू नाहीस. आणखीच तापला.

संध्याकाळी तो पाळण्यात होता. ऋषभशेजारी. अंगात कुंची. कुणीच ठेवला नव्हता. काढला. पुन्हा —

१६ फेब्रुवारी
उद्या दुपारी तो नदीत सोडायचा. भानुमतीताई म्हणाल्या, नाव तुम्ही ठेवलंत, सोडायचाही तुम्हीच. आणि कुंची सारून तोंड बघायचं नाही. बघितलंत की माया येईल, मग तो जाणार नाही.

ऋषभ आज दूध प्यायला नाही. हे देवा, त्याला राहू दे.

१७ फेब्रुवारी
नदीच्या पायरीवर. भर दुपार.

उर्वीचा डोळा लागला तेव्हा उचललं. पाळण्यात दोन. दोघांच्या कुंच्या तोंडावर ओढलेल्या. एक ऊन, एक गार. ऊन होतं त्याला हात लावला, अगदी पहिल्या दिवशीची ती पोळी — देवाने ऐकलं, ऊब परत आली, ते आमचं बाळ. गार, जड ते घेऊन निघाले. बघितलं नाही.

मन हललंय. आधी लिहिते, सिस्टर, मग उठते.

मांडी ओली झाली. पाझरतोय. माझी भीती कळली त्याला. पाझरू दे —

हा ओलावा ऊन कसा?

दुधाचा वास येतोय. आंबूस —

उचकी. उचकी लागली आहे त्याला —

उर्वी आता उठली असेल. पाजायला घेतलं असेल तिने ते दुसरं —