निळ्या चमकेचा मेमो माझ्या नावे करण्याबाबत

प्रति,
मा. प्रमुख अधिकारी साहेब,
कृत्रिम डीएनए प्रयोगशाळा,
दुसरा मजला.

विषय : सूनबाईला दिलेला मेमो मागे घेऊन तो मला देण्याबाबत.

संदर्भ : १) आपला सोमवारचा मेमो.
२) धुलाईच्या खोलीत भिंतीवर लावलेली सूचना, जी मी वाचली होती.

महोदय,

वरील विषयी अर्ज करते की, मी आपल्या प्रयोगशाळेचे कोट आणि फडकी गेली अकरा वर्षे धुते. शिक्षण चौथी. अर्जाचा साचा कारकुनाने दिला, मजकूर माझा आहे. त्याने दोन ठिकाणी सौम्य लिहायला सांगितले, ते मी ऐकले नाही.

२. आपल्याकडे डीएनएचे बारीक धागे बनवतात. धाग्याच्या एका टोकाला चमकणारा रंग लावतात, कुठे हिरवा, कुठे लाल, कुठे निळा, आणि दुसऱ्या टोकाला ती चमक गिळणारा. खालपासून वरपर्यंत सगळे त्यांना चमक्या आणि विझव्या म्हणतात. दोघे जवळ असले की अंधार. नमुन्यात रोग सापडला की धागा तुटतो, विझव्या लांब जातो आणि चमक्या उजळतो. हे मला सूनबाईने भाजी निवडता निवडता सांगितले. मी म्हटले, म्हणजे सासू-सूनच की! तर म्हणते, "आई, मी काही बोलले नाही हं." हसली मात्र.

३. सदर सून आपल्याकडे हेच धागे जोडते. सोमवारी तपासणीत, रोगाचा नमुना न घालता नुसते पाणी घातलेली नळीसुद्धा निळी चमकली. म्हणून आपण तिला मेमो दिलात की तिने विझव्या लावलाच नाही. शुक्रवारी तिला कायम करायचे की घरी पाठवायचे, याची बैठक आहे. आणि तिने उत्तरात "चुकून राहिले असेल" असे लिहून दिले! साहेब, ही बाई मिठाची बरणी झाकली का ते बघायला अर्ध्या जिन्यावरून परत येते. मी तिच्यात सतराशे साठ दोष काढते, पण विसरभोळेपणा त्यात नाही.

४. खरी गोष्ट अशी. मागच्या आठवड्यात भांडारपाल चारचौघांत मला म्हणाले, "आजी, कोट चहात बुचकळलेत का?" अकरा वर्षांत माझ्या धुण्याला कुणी नाव ठेवले नव्हते. भिंतीवर सूचना आहे की फक्त साधा साबण वापरावा, कपडे उजळवणारी पावडर वापरू नये. ती नवख्यांसाठी असेल असे मी धरले. घरची पावडर आणली आणि कोट, फडकी अशी काढली की भांडारपाल डोळे चोळत राहिले.

५. काल मंगळवारी कोट ठेवायला अंधाऱ्या खोलीत गेले. तिथे जांभळा दिवा चालू होता. माझ्या हातातली चळत निळी उजळली. आधी छाती फुगली. मग त्याच चळतीतले फडके दिसले, ज्याने नळ्यांच्या थाळ्या पुसतात, आणि फुगलेली हवा गेली. मी त्या फडक्याने एक कोरी थाळी पुसून दिव्याखाली धरली. निळी! आता साहेब, आपणच सांगा, कोऱ्या थाळीत धागा नाही, चमक्या नाही. तिथे विझव्या लावायला कोण विसरले? सोमवारच्या पाण्याच्या नळीत हिरवा गप्प, लाल गप्प, एकटा निळाच बोंबलतो, तेव्हाच आपल्या शिकलेल्या मंडळींना शंका यायला हवी होती. लहान तोंडी मोठा घास आहे, पण घास खरा आहे.

६. हा मुद्दा कारकुनाने गाळायला सांगितला होता. आमच्या न्हाणीघरात त्या पावडरीचा वास बारा महिने असतो. फडके हातात घेताच सूनबाईने तो ओळखला असणार. तरी माझे नाव न घेता तिने सगळे स्वतःवर घेतले. वर घरी येऊन मलाच विचारते, "आई, आज दमलात का?" असले उपकार अंगावर ठेवून जगायची मला सवय नाही. सासू मी आहे. पदराखाली घ्यायचे ते मी घ्यायचे.

७. तरी विनंती की, साध्या साबणाच्या फडक्याने थाळ्या पुसून तिचेच धागे पुन्हा तपासावेत. पाण्याची नळी काळीकुट्ट राहिली नाही, तर मी परवापासून येत नाही. मेमो माझ्या नावे काढावा. पहिलाच आहे, म्हणून अक्षर जरा चांगले असावे. यापुढे कोट पिवळटच मिळतील, हे भांडारपालांना लेखी कळवावे.

८. हा अर्ज बैठकीत जरूर वाचावा, पण तिच्यासमोर नको. मी तिची स्तुती केल्याचे तिला कळले तर घरात माझा दरारा संपला. विझव्या सरकला की चमक्या चमकतो, एवढे या वयात मला कळले आहे. फार लांब जाणार नाही, स्वयंपाकघर माझे आहे. पण शुक्रवारपुरती बाजूला होते.

वाकायची सवय नसलेली, पण आज वाकलेली,
(सही)
कोट व फडकी, तळमजला
बुधवार, दुपारच्या सुट्टीत

सोबत :
१) पावडरीत धुतलेले फडके, एक.
२) साध्या साबणात धुतलेले फडके, एक. दोन्ही जांभळ्या दिव्याखाली शेजारी धरावीत.
३) भिंतीवरची सूचना, मूळ प्रत. वाचून लगेच परत करावी. आता ती माझ्या डोळ्यांसमोर लावायची आहे.