गुरुवारची हजेरी

उमरी,
सोमवार

प्रिय आरती,

तुझ्या सासऱ्यांचा, किशनरावांचा गुडघा आता कसा हाय? तेल कोमट करून लावा म्हणावं. जावईबापूंचा खोकला बसला का? आणि माझी सुकन्या स्वतः दूध पिते, का अजून मांजरालाच पाजते? तुझं काय विचारू, नव्या शाळेतून डबा तसाच परत आणत असशील.

तुझी ऑर्डर आली तेव्हा मी गल्लीभर पेढे वाटले. पण खरं सांगते, मला तो पेढा गोड लागला न्हाई. हायकोर्टानं आठ आठवड्यांत नेमणूक द्या म्हटलं होतं, शिक्षण खात्याच्या त्या साहेबानं अडीच वर्षं लावली. अन् कोर्टाच्या अवमानाची नोटीस त्याच्या नावानं निघाल्याबरोबर चार दिवसांत ऑर्डर टाइप झाली. म्हणजे त्याचे हात शाबूत होते की गं!

दर सोमवारी आपण दोघी त्या कचेरीत जायचो. सुकन्याच्या वेळी तुला सातवा महिना, भिंतीला टेकून चार तास उभी होतीस. शेवटी आत बोलावलं, तर म्हणाला, कोर्टाचा कागद हाय ना, मग फ्रेम करून देवघरात लावा. कारकून फिदीफिदी हसले. तू खाली मान घातलीस. मी न्हाई घातली, मी त्याचं तोंड बघून ठेवलं. तुझ्या दुसरीच्या पुस्तकावर अक्षरं गिरवलेली बाई मी, पण तो निकाल इतक्यांदा वाचलाय की आता तोंडपाठ हाय.

परवा फोनवर तू म्हणालीस, जाऊ दे आत्या, नोकरी लागली, आता कशाला वैर. तुझं मन मऊ, आईवर गेलीस. माझं तसं न्हाई. जजसाहेबांनी त्याला गुरुवारी जातीनं हजर राहायला सांगितलंय. तू ‘माझी तक्रार नाही’ असं लिहून दिलंस, की तो सुटला. मला तो उभा राहिलेला बघायचाय. भरल्या कोर्टात, हात जोडून, चूक झाली म्हणताना. त्यासाठी इरकल लुगडं धुवून ठेवलंय, मागच्या बाकावर बसायला.

आता हे पत्र कशाला, ते ऐक. त्यानं सही मागितली तवा तू त्याला ‘आत्या म्हणेल तसं’ म्हणालीस ना, म्हणून तो आज सकाळी इथं आला. कुणाला कळू नये म्हणून सरकारी गाडी सोडून यष्टीनं. तक्रार नसल्याचा कागद टाइप करूनच आणलाय. म्हणाला, आत्या, फोन लावा, दोन मिनिटांचं काम. मी म्हटलं, तोंडी कसं चालंल साहेब, लेखी विचारावं लागंल. पोरीला समजावून लिहिते, तुम्हीच घेऊन जा. तवापासून ओसरीवर बसलाय अन् मी लिहून राहिले. पाकीट डिंकानं चिकटवून त्याच्याच हाती देते. दोन गाड्या बदलून उद्या दुपारी तो तुझ्यापुढं येईल. चेहऱ्यावर काही दाखवू नकोस. पाणी विचार, चहा दे, सही मात्र करू नकोस. आत्याला एक विचारायचं राहिलं म्हण, आणि तिथल्या तिथं मला उत्तर लिही, दोन ओळी का होईना. पाकीट नीट चिकटव अन् त्याच्याच हाती धाड. बुधवार तेवढ्यातच जाईल.

तुझीच,
सिंधुआत्या