मिशीवाली राणी

मुनिरका, दिल्ली
सोमवार, २३ सप्टेंबर २०२४

प्रिय चंदाआत्या,

सुगतचा जयभीम. गुडघा कसा आहे? शेकतेस, की मी विचारलं की नुसतं "हो रे" म्हणतेस? मी बरा आहे. आज सरोजिनी नगरचा बाजार बंद, म्हणजे आमचं दुकानही बंद, म्हणून लिहायला बसलो. फोनवर तुला अर्धं ऐकू येत नाही आणि उरलेलं अर्धं मीच गिळतो.

आधी गंमत सांगतो. लक्ष्मीबाई नगरात क्षिप्राताई राहतात. सरकारी ऑफिसर, आपल्या मराठी. आमच्या काउंटरवर कपडे अल्टर करायला येतात. गणपतीत कॉलनीतल्या पोरांचं नाटक त्यांनी लिहिलं. इंग्रजीत म्हणे पोरांच्या जुन्या जादूच्या पुस्तकांत बुद्धिबळाचे मोहरे जिवंत होतात, बोलतात, रुसतात. तशीच गोष्ट. एक मुलगी पटावर पडते आणि मोहरे तिला घरी जाऊ देत नाहीत.

मोहऱ्यांचे कपडे शिवायचं काम माझ्याकडे आलं. मला म्हणाल्या, "बुद्धिबळ येतं ना रे तुला?"

म्हटलं, "वा ताई! आत्यानं शिकवलंय."

त्यांनी इंग्रजीत लिहिलेले कागद दिले, कोण कसा दिसतो त्याचे. मी घडी घालून ड्रॉवरमध्ये टाकले. वाचता येत नाही हे सांगायला तोंड उघडेना. मनात म्हटलं, त्यात वाचायचं काय? तू कापडं कापायच्या टेबलावर खडूनं पट आखायचीस. कोटाची मोठी बटणं हत्ती, हुक म्हणजे घोडा. मी तसेच शिवले. हत्तीला सोंड, उंटाला मदार, वजिराला फेटा आणि ही एवढी काळी मिशी.

पोरं कपडे घालून बघायला लागली आणि क्षिप्राताईंनी कपाळावर हात मारला. इंग्रजीत वजीर नसतोच, आत्या! ती राणी असते. हत्ती म्हणजे किल्ला. उंट तर चर्चमधला पाद्री. राणी होणार होती राधा, दहा वर्षांची. तिच्या तोंडाला मी मिशी बांधत होतो.

"ये क्या है, अंकल?" तिनं विचारलं.

तेवढ्यात सुयश नावाचा पोरगा मदार हलवत ओरडला, "मैं कॅमल हूं! पाद्री नको मला, बोअर आहे!" राधेनं आरशात पाहिलं, मिशीला पीळ दिला आणि म्हणाली, "मीच ठेवणार ही. कोणी काढायची नाही."

क्षिप्राताई हसत सुटल्या. दोन पानं नवीन लिहिली. त्यात राणी डेप्युटेशनवर गेलीय आणि चार्ज वजिराकडे आहे. सगळी कॉलनी सरकारी नोकरांची, त्या वाक्याला नुसत्या टाळ्या! मी मात्र ताईंना त्याच दिवशी खरं सांगितलं, कागद वाचलेच नव्हते. त्या म्हणाल्या, "विचारायचं होतंस रे वेड्या."

आता पुढचं. हेच सांगायला कागद घेतला.

नाटकाला नरसिंह मास्टर आले होते. नोएडात त्यांचा नाटकांचे कपडे शिवायचा कारखाना आहे. सोंड उलटीपालटी करून शिवण बघत होते. "ये किसने काटा?" मी पुढे झालो. "पढ़े कितना हो?" म्हटलं, आठवी नापास. "तो कटिंग कहां सीखी?" तुझं नाव सांगितलं. हिंगणघाटच्या आपल्या दुकानाचंही सांगितलं. म्हणाले, एक तारखेपासून कामाला ये.

मी हो म्हणून बसलो. "आत्याला विचारून सांगतो" एवढं तरी म्हणायचं. तेही म्हटलं नाही.

म्हणजे आपलं ठरलं होतं तसा दसऱ्याला मी दुकान सांभाळायला येत नाही, आत्या. तुझ्या हाताखालच्या समतानं दुकानाच्या नव्या बोर्डाचा फोटो पाठवला. निळ्यावर पांढरं, 'सुगत टेलर्स'. फोनवर मी "मस्त" म्हणालो ना, तेव्हा माझा होकार देऊन झाला होता.

तू म्हणशील, याचं बूड कुठे टिकलंय? खरंय. शाळेतून पळालो, नागपूरच्या गॅरेजातून पळालो, तुझ्या मशीनवरूनही दोनदा पळालो. आईबाप गेल्यावर तू मला वाढवलंस आणि मी सारखा उंबऱ्याबाहेर. पण या वेळी पळत नाहीये. सुट्टीच्या दिवशीसुद्धा हाताला कापड हवंसं वाटतं, असं आधी कधी झालं नाही.

तुझा पाय आता मशीन चालवत नाही, मला कळतं. दुकान समताला दे. तीन वर्षं काज-बटणं करतेय, आता ब्लाउजही तीच कापते, तरी तू लोकांना सांगतेस, "मदतीला येते पोरगी." बोर्डावर तिचं नाव लिही. आणि सुगत येईपर्यंत सांभाळ, असं मात्र तिला सांगू नकोस.

दसऱ्याला दोन दिवस येईन. पाहुणा म्हणून. तुला जे बोलायचं ते समोर बसवून बोल. सगळं ऐकेन, मधेच उठून जाणार नाही.

तुला दिलेला शब्द मोडून, तरी तुझाच,
सुगत