प्रायमरी डहाणूला

३० सप्टेंबर २०१८, रविवार. सकाळी अकरा.
नवी वही. यात फक्त खरं लिहायचं. दुसरं कोणी वाचणार नाही, त्यामुळे हरकत नाही.
तुषार बोईसरहून येऊन गेमचा डबा टीव्हीला जोडतो आहे. मीच मागितला. तळासरीला विहीण बुधीबाईंकडे, म्हणजे सून शितलच्या आईकडे, गेल्या वर्षापासून तसाच एक आहे. दक्षा तिथे शनिवारी गेली की रविवारी संध्याकाळी तिला ओढून आणावं लागतं म्हणे. नात नऊ वर्षांची आहे, ओढायला जड नाही. पण मुद्दा समानतेचा आहे. दोन आज्या, दोन डबे.
मला मत्सर अजिबात वाटत नाही. शाळेत सिस्टर अगाथा म्हणायच्या की मत्सर हस्ताक्षरात उतरतो. माझं हस्ताक्षर कोणीही बघावं.

त्याच दिवशी, चार वाजता.
तुषारने समजावून सांगितलं. खातं एकच, त्याचं. गेम एकदाच घेतलेले, वर्गणीही एकच, आणि ती दोन्ही घरांत चालते. मी सहज विचारलं, यात लहान-मोठं काही असतं का? तो मोबाइलमधून मान वर न काढता म्हणाला, "प्रायमरी तळासरीचा आहे. इथे नुसता लॉगिन."
नुसता लॉगिन.
चहा टाकला. साखर विसरले. कोणाच्या लक्षातही आलं नाही.

२ ऑक्टोबर, मंगळवार.
शाळेत कवितापठणाला मिळालेला शब्दकोश काढला. निळी फीत अजून आत आहे. प्रायमरी म्हणजे पहिला, मुख्य, मूळ. सेकंडरी म्हणजे दुय्यम. "नुसता लॉगिन" याला शब्दच नाही.
दक्षा मला ग्रॅनी म्हणते. मीच शिकवलं, ती पाळण्यात असताना. आपलं काहीतरी वेगळं असावं असं वाटलं होतं. मग "आजी" हा शब्द मोकळा राहिला आणि बुधीबाईंना मिळाला. दक्षाचं नावही त्यांनी वेगळं ठेवलं आहे. बारकी. आम्ही वाजतगाजत ठेवलेलं दक्षा तीन हाकांनंतर ऐकू येतं, बारकी पहिल्या हाकेला.
नोंद म्हणून लिहिलं. तक्रार नाही.

७ ऑक्टोबर, रविवार.
दक्षा आली. तिचा आवडता गेम शेतीचा. ट्रॅक्टर, नांगर, गहू, बटाटे. मी तिच्याबरोबर खेळायला बसले. पॅडवर त्रिकोण, चौकोन, गोल आणि फुली अशी चार बटणं. आम्हांला फुली म्हणजे चूक असं शिकवलेलं. इथे फुली म्हणजे होय. अशा शिस्तीत वाढलेल्या माणसाचा हात फुलीवर जाईल कसा? ट्रॅक्टर कुंपणात गेला. दोनदा. तिसऱ्यांदा विहिरीत.
दक्षा म्हणाली, "आजीच्या नांगराचा तास कसा सरळ असतो माहितीये? आणि ती त्या गेममधल्या शेतकऱ्याला ओरडते. बांध कुठं घातला रं मेल्या, पानी कसा ठरल!"
खूप हसली. मीही हसले, थोडं.
बुधीबाई चौथी शिकलेल्या. गेममधल्या सूचना सगळ्या इंग्रजीत. त्या वाचतात कशा? दक्षा म्हणाली, "वाचत नाही. बघते."
ठराव: रोज साडेदहा ते साडेअकरा सराव.

१५ ऑक्टोबर, सोमवार.
सराव. पहिला दिवस चष्म्यामुळे गेला. दुसऱ्या दिवशी अंगठा दुखला. नंतर नवरात्र, कोणाच्या ना कोणाच्या घरी जावंच लागतं. आज मात्र अर्धा तास बसले. अर्धं शेत नांगरलं. ते शेत शेजाऱ्याचं निघालं.

१८ ऑक्टोबर, दसरा.
सगळे जेवायला आले. पुरणपोळ्या उत्तम झाल्या, दक्षाने दोन खाल्ल्या. मग दिवाळीच्या सुट्टीचा विषय निघाला. शितल म्हणाली, "भाऊबीज झाली की दक्षा आठ दिवस तळासरीला राहील."
मी विचारलं, "आणि इथे?"
"येईल ना आई. मधल्या रविवारी."
आठ दिवस आणि एक रविवार. तुषार लहान होता तेव्हा सुट्टीत चिकूच्या झाडाखालून त्याला जेवायला बोलावून आणताना माझा घसा बसायचा. त्याच झाडाखाली आता पानं पडतात, त्यांना बोलवावं लागत नाही.
तिचा तिकडे ओढा का, हे उघड आहे. प्रायमरी तिकडे आहे. मुलं मुख्य ठिकाणीच जातात. यात बुधीबाईंचा दोष नाही, दोष रचनेचा आहे.

२१ ऑक्टोबर, रविवार. दुपारी.
रचना दुरुस्त केली.
डब्याच्या सेटिंगमध्ये जाऊन प्रत्येक ओळ नीट वाचली. आमचं इंग्रजी वाया गेलेलं नाही. हा डबा प्रायमरी करायचा तर आधी दुसऱ्यावरून तो मान काढायचा, मोबाइलवरून, पासवर्ड घालून. तुषारचा पासवर्ड माझ्या नावाचा असणार म्हणून जयश्री घातलं. चुकलं. माझी जन्मतारीख घातली. चुकली. मग, नाइलाजाने, शितलची. तीही चुकली, बरं वाटलं. शेवटी कमळी१२३ घातलं आणि उघडलं.
कमळी आमची मांजर होती. जाऊन वीस वर्षं झाली. त्याची आई अजून हयात आहे.
असो. दोन वाजून दहा मिनिटांनी प्रायमरी डहाणूला आला. कोणाचं काही हिसकावलं नाही. फक्त जागच्या जागी ठेवलं.

२८ ऑक्टोबर, रविवार.
तुषारचा फोन. तळासरीला गेमवर कुलपं दिसतात. रविंद्रने, म्हणजे शितलच्या भावाने, वायरी काढून पुन्हा घातल्या, डबा पुसला, बुधीबाईंनी उदबत्तीही दाखवली. आणि तुषारला प्रायमरी बदलल्याचा मेल आला आहे. "आई, तू काही केलंस का?"
मी म्हटलं, "थोडं व्यवस्थित केलं."
तो म्हणाला, "अगं, तळासरीला नेट सारखं जातं. प्रायमरी असला तर नेटशिवाय चालतो, म्हणून तिकडे ठेवला. तुझ्याकडे नेट चांगलं आहे. तुला काय कमी पडत होतं?"
तांत्रिक कारण. मला कोणी सांगितलं असतं तर मी समजून घेतलं असतं. विचार करते असं तरी म्हटलं असतं.
तो म्हणाला, परत बदलू. मी नियम वाचून दाखवला: मोबाइलवरून हे सहा महिन्यांतून एकदाच करता येतं. पुढची ओळ वाचली नाही. तिच्यात लिहिलं आहे की ज्या घरी प्रायमरी आहे त्या डब्यावरून कधीही काढता येतो. खोटं बोलले नाही. वाचन अर्धवट ठेवलं.
माझ्या इंग्रजीवर आमच्या घरात कोणी शंका घेत नाही. तो म्हणाला, "बरं."

४ नोव्हेंबर, रविवार.
दक्षाचा फोन! म्हणाली, "ग्रॅनी, मी सुट्टीत तुझ्याकडे येणार. गेम आता तुझ्याकडेच चालतो ना."
आठ दिवस. फोन ठेवला आणि पलंगपोस बदलला. आल्यावर पुडिंग, चिकूचं आइस्क्रीम, आणि माझ्या वेळच्या इंग्रजी कविता रोज एक. तिकडे बुधीबाईंना वाईट वाटेल. त्यांच्यासाठी एक पिशवी चिकू पाठवीन. मन मोठं ठेवायचं.

११ नोव्हेंबर, रविवार.
जीप आली. आधी दक्षा उतरली. मग रविंद्र. मग एक पिशवी, एक गाठोडं, आणि बुधीबाई.
दक्षा म्हणाली, "आजीचा गहू पिकत आलाय ना, तो कोण बघणार?" रविंद्रने खिशातून पेनड्राइव्ह काढला. बुधीबाईंचं सगळं शेत त्यात होतं, ट्रॅक्टरसकट. पाच मिनिटांत ते माझ्या टीव्हीवर पसरलं. तास खरोखरच सरळ होते. दोरी लावल्यासारखे.
बुधीबाई म्हणाल्या, "ताई, चार दिस राहते, तुमाला तरास नाय ना?"
मी म्हटलं, "छे, छे." कॉन्व्हेंटमध्ये हेच पहिलं शिकवतात.

१३ नोव्हेंबर, मंगळवार.
माझं पुडिंग दक्षाने अर्धं ठेवलं. बुधीबाईंनी आणलेली नाचणीची भाकरी आणि सुकी करंदी, म्हणजे बारीक कोलंबी, तिने ताट पुसून खाल्ली. पुडिंग जरा गोड झालं असावं.
कवितेची वेळ साडेचार. साडेचारला बटाट्यांना पाणी द्यायचं होतं. मी टीव्हीसमोर उभं राहून पहिलं कडवं म्हटलं. दक्षा म्हणाली, "ग्रॅनी, बाजूला हो ना, दिसत नाही." बुधीबाईंनी तिला दटावलं, "बारके, ऐक, ताई कसा गोड बोलतंय." मग दोघींनी ऐकलं. समजूत काढल्यासारखं ऐकलं.
मला पॅड दिला. कुंपण. बुधीबाई म्हणाल्या, "मी पन पैले कुंपनातच घातलेला." खोटं बोलत होत्या. मला कळतं.

१४ नोव्हेंबर, बुधवार.
दुपारी दक्षा झोपली होती. आम्ही दोघी लसूण सोलत बसलो. बुधीबाईंनी विचारलं, "ताई, आमचे डब्याला कुलूप कसा लागला असंल?"
मी म्हटलं, "आपोआप लागतं कधी कधी."
त्या पाकळ्या निवडत राहिल्या. म्हणाल्या, "मंग आपोआप सुटंल पन."
लसूण डोळ्यांना झोंबतो का? कांदा झोंबतो. आज लसूणही झोंबला.
ठराव: कुलपाचं मनावर घ्यायचं. पण सुट्टी संपल्यावर. सोमवारपासून.

१६ नोव्हेंबर, शुक्रवार.
सकाळी रविंद्रची जीप. तळासरीच्या खऱ्या शेतातलं भात तयार झालं. आजच कापायला घ्यायचं, नाहीतर दाणा गळेल. बुधीबाईंचं गाठोडं आधीच बांधलेलं. मला वाटलं, आता तरी दोन दिवस आम्ही दोघीच.
बाहेर आले तर दक्षा जीपमध्ये बसलेली. पुढच्या सीटवर, हातात कोयता मागत. "ग्रॅनी, खरी कापणी आहे! कापणीला नेट लागत नाही, काही नाही!"
मी पुडिंगचा डबा आणेपर्यंत जीप वळली होती. दक्षाने हात हलवला. दोन्ही हात. हे लिहून ठेवते.
घर शांत आहे. प्रायमरी चालू आहे.
बाराला तिचाच फोन. मला वाटलं, आठवण आली. म्हणाली, "ग्रॅनी, गेममधला आजीचा गहू उद्या वाळेल. तू कापशील? प्लीज? तुझ्याकडेच आहे ना आता."

१८ नोव्हेंबर, रविवार. संध्याकाळी सहा.
काल दीड तास, आज दोन ते साडेपाच. अर्धा गहू कापला. पाव गहू चाकाखाली गेला. उरलेल्या पावात ट्रॅक्टर उभा आहे, निघत नाही. फुली दाबली, गोल दाबला, हाक मारून पाहिली.
फोन वाजला. मी धावत जाऊन म्हटलं, "दक्षा?"
बुधीबाई होत्या. म्हणाल्या, "पोरगी भाऱ्यावरच झोपली, ताई. दमली. तुमचा कापून झाला?"
मी म्हटलं, "तुमचा. अर्धा."
"अर्धा लय झाला," त्या म्हणाल्या. "पैलेच साल हाय तुमचा." मग कोणाला तरी भारे मोजायला सांगितले, आणि परत मला: ट्रॅक्टर मागे घ्या, हळू, मग शेडमध्ये ठेवा, पावसात भिजवू नका. आणि उद्या बटाटे काढायचे आहेत.
उद्या सोमवार. कुलपाचं ठरलं होतं.
विचारलं, किती वाजता बसू? म्हणाल्या, "सकाळीच बसा. ऊन व्हायचे आत."