पाटीवर नसलेलं वाक्य

प्रिय जना,

गेल्या शनिवारी पडद्यावर तू तोंड उघडलंस आणि खरोखरच तुझा आवाज आला, तिथं माझं सगळं बदललं. बदललं म्हणजे काय, ते नीट लिहायचंही त्राण नाही. दमलोय गं.

कॉलेज अर्ध्यावर टाकून आलो तेव्हा बापानं घरात घेतलं नाही, हे तुला ठाऊक आहे. पुढचं ठाऊक नसेल. मी कर्जतच्या सिनेमावाल्यांकडं राहिलो. सिनेमा म्हणजे भातगिरणीमागचं रिकामं गोदाम, पुढं पांढरं कापड आणि मागं हातानं फिरवायचं यंत्र. मूकपटात कोण काय बोललं त्याच्या पाट्या येत. वाचता येणारी चार टाळकी, म्हणून पडद्याशेजारी उभा राहून मी त्या मोठ्यानं वाचायचो. राजाचा आवाज जाड, राणीचा बारीक. लोक मास्तर म्हणायला लागले. परीक्षा न देताच मास्तर झालो, हसू नकोस.

मग तुझा मूकपट आला. तू किल्लेदाराची मुलगी. शेवटी दरवाज्यात उभी राहून शिलेदाराला सांगतेस, माझी वाट पाहू नका, मी परत यायची नाही. ती पाटी बघून माझं डोकं फिरलं. सिनेमा कंपनीबरोबर कोल्हापूरला निघालीस तेव्हा कर्जत स्टेशनात हेच म्हणाली होतीस. घाटासाठी गाडीला मागून इंजिन जोडत होते, तू खिडकीत, आणि मी तुमच्या मॅनेजरची कॉलर धरलेली. गजा, कॉलेजात परत जा, माझी वाट बघू नको. त्यावर मी काय ओरडलो तेही तुला आठवत असेल. परत या गावात पाऊल टाकलंस तर याद राख. सगळ्या फलाटानं ऐकलं. आता तेच तुझं वाक्य मी लोकांना वाचून दाखवायचं? नाही वाचलं. बारीक आवाजात म्हणालो, इथंच थांबा, भात कापणीला यायच्या आत मी परत येते.

बायकांनी डोळ्यांना पदर लावले. गर्दी होते म्हणून मालक तोच खेळ पुन्हा पुन्हा मागवत राहिले आणि मी तेच बोलत राहिलो. वाडीवरची कोंडी बाजारात डोक्यावरची मोळी न उतरवता विचारायची, "मास्तर, ती आली का वं परत?" मी म्हणायचो, येईल. तुझी आई येसूबाई मात्र कधी काही विचारायची नाही. ती दर खेळाला दहिवलीहून चालत यायची, पुढं जमिनीवर बसायची, ते वाक्य ऐकायची आणि पदर सावरून उठायची. मला वाटायचं, लेकीचं तोंड बघायला येते.

आता कंपनीनं तोच खेळ बोलका केलाय. मालकांनी नवं यंत्र आणलं आणि मला दारात तिकिटं फाडायला बसवलं. तू दरवाज्यात आलीस. आवाज जरा बसलेला वाटला, सर्दी होती का? म्हणालीस, माझी वाट पाहू नका, मी परत यायची नाही. पुढं बसलेला वाडीवरचा शुक्रा ओरडला, "बाई चुकली. मास्तर, तुमी सांगा नीट." कोंडी म्हणाली, "बाई कशी चुकंल? मशीन बिघाडलं असंल." लोक हसले. येसूबाईनं मागं वळून मला हुडकलं. "गजा, बोल ना रं." मी खाली बघून फाडलेली तिकिटं गोळा करत राहिलो.

दुसऱ्या दिवशी ती माझ्या खोलीवर आली. उंबऱ्यातच बसली. म्हणाली, "मशीनच चुकलं. तू सांगायचास तेच खरं हाय ना? भात पिवळं पडलंय. जनीसाठी नवी गोधडी शिवलीय मी." म्हणजे इतके दिवस ती माझ्या तोंडून तुझा निरोप ऐकत होती, जना. आणि तू का येत नाहीस, हे तिच्याशिवाय सगळ्या गावाला माहीत आहे. तुला आईची भीती नाही, माझी आहे. तिला मी हो म्हणालो. ते हो खरं करणं तुझ्या हातात आहे, आणि तुझी वाट मोकळी करणं माझ्या. म्हणून हे पत्र. राग गेलाय असं लिहिणार नाही, खोटं होईल. पण आज दुपारच्या गाडीनं मी कर्जत सोडतोय, कुठं ते कुणाला सांगितलेलं नाही. कापणीच्या आत ये. स्टेशनात कुणी अडवणार नाही. ट्रंक बाहेर काढलीय, खोलीत माझं काही उरलं नाही. एवढं लिहून उठतो, बाहेर पडतो आणि दार ओढून घेतो.

आजवर तुझाच म्हणवलेला,
गजा