मावळतीची खिडकी

प्रिय धाकट्या,

टाइप केलेलं पत्र पाहून दचकू नकोस. डोळे जाऊन बरीच वर्षं झाली, पण कुठलं अक्षर कुठे बसलंय हे माझ्या बोटांना अजून सांगावं लागत नाही. कचेरीत जन्मभर दुसरं केलं काय? कुठे चुकलं असेल तर वाचताना दुरुस्त करून घे. वस्तुस्थिती हवी तशी दुरुस्त करून घेणं तुला छान जमतं. खुब्याचं म्हणशील तर बरं आहे. व्यायाम शिकवायला येणाऱ्या बाई म्हणतात, आता काठी नुसती सोबतीला. तुझी बायको माझं खाणंपिणं वेळच्या वेळी बघते. हल्ली माझ्याशी फारशी बोलत नाही, पण तिचा मला राग नाही. ती निदान गप्प तरी बसली.

वडील तुला आठवत नाहीत. तू पाळण्यात असतानाच ते गेले. जमिनी मोजायचं त्यांचं काम, आणि ते खूळ ते घरीही घेऊन यायचे. आमच्याकडे डावं-उजवं कुणी म्हणायचंच नाही. पूर्वेच्या फळीवरचा डबा काढ, जरा उत्तरेला सरक, आईला बसू दे, अशी आमची भाषा. एकदा आईने विचारलं, रुमाल कुठल्या खिशात आहे, तर म्हणाले पश्चिमेच्या. आणि वळून उभे राहिले नि म्हणाले, आता पूर्वेच्या. आईने कपाळावर हात मारून घेतला. माझ्या मात्र ते अंगात मुरलं. कुठल्याही खोलीत गेले की मी आधी उगवत कुठे ते मनात पक्कं करते, मग बाकीचं सामान आपापल्या जागी बसतं. तू पहिल्यापासून सगळं स्वतःपासून मोजणारा: माझ्या समोर, माझ्या उजवीकडे, माझ्या मागे. तू वळलास की तुझं जगही तुझ्याबरोबर वळतं. त्यावरून मी तुला किती चिडवायचे!

माझे डोळे गेले तेव्हा तूच मला हाताला धरून घर पुन्हा शिकवलंस, हे मी विसरलेले नाही. पुढे मोकळं आहे ताई, टाक पाऊल, असं तू म्हणायचास आणि मी टाकायचे. काठीने चाचपूनसुद्धा बघायचे नाही. तेव्हाच मी तुला एक मागितलं होतं, की मला या घरातून हलवू नकोस, इथे मी कुणाचा हात न धरता चालते. तू हो म्हणालास. तुझं हो म्हणजे मला दगडावरची रेघ.

मग मी न्हाणीघरात पडले, खुबा मोडला, ऑपरेशन झालं. इस्पितळातून मला गाडीत घालून आणलंस तेव्हा मी औषधांच्या गुंगीतच होते. जाग आली तेव्हा तीच कुरकुरणारी खाट, उजव्या हाताला खिडकी, तोच जाडाभरडा पडदा, डावीकडे दार, पायाशी टेबल आणि त्यावर हा टाइपरायटर. हात लांब केला तर पाण्याचा तांब्यासुद्धा बरोबर हाताशी. घरी आले म्हणून मला रडू फुटलं होतं. तू माझे डोळे पुसलेस.

पण दुसऱ्या दिवशी चहा झाला, आंघोळ झाली, तरी माझा उजवा गाल थंडच. इतकी वर्षं सकाळचं ऊन त्याच गालावर येऊन मला उठवायचं. तुला विचारलं, तर म्हणालास, आभाळ आलंय. त्याच संध्याकाळी त्याच खिडकीतून ऊन येऊन अंथरूण तापलं. रोज हेच. समोरच्या सुताराची ठोकाठोक ऐकू येईना, तर म्हणे त्याने दुकान बंद केलं. तुझ्याकडे सगळ्याला उत्तर होतं. मला मात्र स्वतःचीच भीती वाटायला लागली. शेवटी तुला जवळ बसवून सांगितलं, की माझं डोकं फिरलंय रे, मला उगवत मावळतीला वाटते, मी अशीच भ्रमिष्ट होऊन मरणार का? अरे, तेव्हा तरी बोलायचं होतंस! तू माझा हात थोपटलास आणि म्हणालास, “ऑपरेशननंतर होतं असं, ताई. डॉक्टर म्हणाले, हळूहळू डोकं ताळ्यावर येईल.”

मी त्यावर विश्वास ठेवला. अंथरुणात पडल्या पडल्या स्वतःला समजावत होते, की बाई, पूर्व तिकडे आहे, तुझं डोकं खोटं बोलतंय. ज्या एका गोष्टीवर मी आंधळेपणीही उभी होते, ती मी तुझ्या शब्दाखातर मोडायला निघाले होते.

व्यायामाच्या बाईंना यातलं काही ठाऊक नव्हतं. मी सहज म्हटलं, सकाळची उन्हं अंगावर आली तर पाय सैल होईल. त्या हसल्या. म्हणाल्या, “इथे कुठली सकाळची उन्हं, ही खिडकी तर मावळतीची.” आणि वर विचारलं, नवं घर मानवलं का.

तुझ्या मेहनतीला मात्र दाद देते. खाटेपासून प्रत्येक वस्तू पट्टी लावून मांडली असशील. सगळं माझ्या डाव्या-उजव्या हाताला जिथल्या तिथे, फक्त खोलीच उलटी फिरलेली, आणि ते तुझ्या डोक्यातच आलं नाही! आंधळीच्या डोळ्यांत धूळ फेकायला निघालास आणि सूर्याला विसरलास. घर विकायचं होतं तर विचारायचंस. मी भांडले असते, आठवडाभर अबोला धरला असता, आणि मग तुझ्याच हाताला धरून नवं घर शिकले असते. तुला माझं भांडण नको होतं, म्हणून तू मला वेडी ठरू दिलंस. केसाने गळा कापलास, धाकट्या. बाईंकडून कळल्यावरही मी थांबले. जुन्या घराच्या गोष्टी मुद्दाम काढल्या, तुला बोलायला वाव दिला. तू दर वेळी एक नवीन थाप मारलीस.

आता हे पत्र कशासाठी ते सांगते. उद्या तुम्ही दोघं कामाला गेलात की कचेरीतली माझी मैत्रीण, ती शेजारच्या टेबलावरची, बाईंकडून इथला पत्ता घेऊन मला न्यायला येणार आहे. तिचं घर मला नवं. महिनाभर दारांवर आपटेन, गुडघे फोडून घेईन. आपटलं तर आपटलं. तिथे दार आहे एवढं तरी खरं असेल. परवा परत सांगत होतास, पुढे मोकळं आहे ताई, टाक पाऊल, आणि माझं पाऊल उचलेना. ज्याच्या शब्दावर पाऊल उचलत नाही त्याच्या घरात आंधळ्या माणसाने राहू नये. संध्याकाळी मैत्रीण तुला फोन करेल. ताई कुठे आहे, असं तिला एकदम विचारू नकोस. ताई इतके दिवस कुठे होती, ते आधी तू तिला तुझ्या तोंडाने सांग.

अजून तरी तुझीच,
ताई